प्रदक्षिणा ब्रह्मगिरीची : भाविकांशी चार शब्द





श्रावण मास जवळ आला की आमच्या भक्तनिवासाच्या कार्यालयात एकच प्रश्न दिवसातून कितीतरी वेळा विचारला जातो, "ब्रह्मगिरीची फेरी किती किलोमीटरची?" लहान फेरी सुमारे २० किलोमीटरची आणि हरिहर पर्वतासह घातली जाणारी मोठी फेरी सुमारे ४० किलोमीटरची, हे उत्तर मी इतक्या वेळा दिले आहे की झोपेत विचारले तरी तेच सांगेन. यात्रेकरू अंतर ऐकतात, एकवार आपल्या पायांकडे पाहतात आणि खोलीची चावी घेऊन निघून जातात. माझ्या मनात मात्र दरवेळी एक रुखरुख राहते, की अंतर सांगितले, पण अर्थ सांगावयाचा राहिला. यंदा विश्वस्त मंडळाने या माहितीपुस्तिकेतील काही पाने मजकडे सोपविली आहेत. मी कीर्तनकार नव्हे, शास्त्रीही नव्हे. मराठी विषय घेऊन पदवी मिळविलेला आणि देवस्थानच्या दप्तरात केस पांढरे केलेला एक सेवक आहे. तेव्हा शास्त्रार्थात काही उणे राहिल्यास अधिकारी जनांनी ते सांभाळून घ्यावे.

देवळात आपण देवाभोवती प्रदक्षिणा घालतो तेव्हा देव उजव्या हाताला राहतो आणि आपण कडेने चालतो. मध्यभागी कोण आणि परिघावर कोण, हे त्यातून आपोआप ठरते. ब्रह्मगिरीच्या फेरीत गाभारा नाही, मूर्ती नाही; सबंध पर्वतच मूर्ती आहे. गड जिंकावे लागतात. पर्वताला प्रदक्षिणा घालावी लागते. ब्रह्मगिरीच्या माथ्यावर त्र्यंबकगड आहे, तो निरनिराळ्या सत्तांनी जिंकला आणि गमावला, १८१८ साली तो इंग्रजांच्या हाती गेला. पायथ्याने चालणाऱ्या फेरीकऱ्याला मात्र यांतल्या कोणत्याही सत्तेची दखल घ्यावी लागली नाही. तो कुशावर्तावर स्नान करून निघतो आणि पर्वताला वळसा घालून पुन्हा कुशावर्तावर येतो. जाताना काही नेत नाही, येताना काही आणत नाही. निदान तसे अपेक्षित आहे.

ही प्रदक्षिणा आली कोठून? शिवपुराणातील गौतम ऋषींची कथा आपण सर्वांनी ऐकली आहे. परंतु ती सांगताना बहुधा आपण गायीपासून सुरुवात करतो. कथेची खरी सुरुवात गायीच्या पुष्कळ आधी, पाण्यापासून आहे. दीर्घकाळ अवर्षण पडले. प्राणिमात्र तडफडू लागले. गौतमांनी वरुणाची आराधना केली, तेव्हा वरुणाने त्यांना एक लहानसा खड्डा खणावयास सांगितले आणि त्यात कधीही न आटणारे पाणी दिले. त्या पाण्यावर गौतमांनी धान्य पिकविले, भोवतालचे ऋषिगण आपापली कुटुंबे घेऊन त्यांच्या आश्रयाला आले. सर्व सुखाने राहू लागले.

आणि मग एके दिवशी पाणवठ्यावर भांडण झाले. गौतमांचे शिष्य कमंडलू घेऊन पाणी भरावयास गेले असता इतर ऋषिपत्नींनी त्यांना अडविले, आधी आम्ही भरू, मग तुम्ही. शिष्य रिकाम्या हातांनी परतले. अहल्यामातेने स्वतः जाऊन पाणी आणून दिले. एवढाच प्रसंग. पण तो त्या स्त्रियांच्या मनात सलत राहिला, घरोघरी पतींच्या कानी गेला, आणि ज्याच्या पाण्यावर आपण जगतो आहोत त्याच गौतमाला येथून घालविण्याचा बेत ठरला. त्यापुढे मायावी गाय आली, गौतमांच्या पिकात शिरली, दर्भाची काडी लागताच कोसळली आणि गोहत्येचे पातक त्यांच्या माथी मारले गेले. प्रायश्चित्त म्हणून जे सांगण्यात आले त्यात ब्रह्मगिरीच्या एकशे एक प्रदक्षिणा होत्या. पुढे भगवान शंकर प्रसन्न झाले आणि गौतमांच्या प्रार्थनेवरून गंगा या पर्वतावर अवतरली. तीच गौतमी, तीच गोदावरी.

भाविकहो, जरा थांबून विचार करावा. आपण ज्या फेरीला पुण्यप्रद म्हणून जातो, तिचे मूळ एका पातकाच्या प्रायश्चित्तात आहे, आणि त्या पातकाचे मूळ पाणवठ्यावरील एका भांडणात आहे. पुराणकारांनी ही गोष्ट लपविली नाही. मला तर वाटते की ती मुद्दाम सांगितली आहे.

आता पर्वताकडे पाहू. ब्रह्मगिरीची उंची समुद्रसपाटीपासून सुमारे १,३०० मीटर आहे. सह्याद्रीचा हा सारा प्रदेश सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी उसळलेल्या लाव्हारसाच्या थरांवर थर साचून बनला आहे. काळा कठीण कातळ, मधूनच मऊ तांबडा थर, पुन्हा कातळ, अशी त्याची रचना. पावसाचे पाणी माथ्यावरील गवतातून, झुडपांच्या मुळांतून, कातळाच्या भेगांतून सावकाश आत उतरते, थरांमध्ये साठून राहते आणि पाऊस संपल्यावरही महिनोन्‌महिने झऱ्यांच्या रूपाने बाहेर पडत असते. माथ्यावर औदुंबराच्या मुळाशी गोदावरीचा उगम दाखवितात. मग ती गंगाद्वारी थेंबथेंब प्रकटते, पुन्हा गुप्त होते आणि खाली कुशावर्तात येते, अशी आपली श्रद्धा आहे. भूगर्भशास्त्राचे अभ्यासक आपल्या भाषेत याहून फार निराळे काही सांगत नाहीत. पाणी पर्वताच्या पोटात शिरते, दिसेनासे होते आणि खालच्या अंगाला पुन्हा दिसू लागते. जटेत गंगा धरून ठेवणारा शंकर आणि मुळांत पाऊस धरून ठेवणारा डोंगर यांत मला तरी काही विरोध वाटत नाही. जटा कापल्या तर गंगा राहणार कोठे?

याच परिसरातून वैतरणाही उगम पावते. एक नदी पश्चिमेला अरबी समुद्राकडे जाते, दुसरी पूर्वेला वळून १,४६५ किलोमीटर चालत महाराष्ट्र, तेलंगणा व आंध्र प्रदेश पार करून बंगालच्या उपसागराला मिळते. फेरीच्या वाटेवर कोठेतरी असा एखादा उंचवटा असतो, की त्याच्या एका अंगाला पडलेला थेंब एका समुद्राचा आणि दुसऱ्या अंगाला पडलेला दुसऱ्या समुद्राचा. माझे वडील चालता चालता हे सांगत. साधारण १९८० च्या सुमारास, दहा वर्षांचा असताना, मी प्रथम त्यांच्याबरोबर फेरी केली. रविवारी रात्री निघालो होतो. पाऊस असा की कंदिलाची काच दोनदा तडकली. वडिलांच्या खांद्यावरील पिशवीत आईने दिलेल्या दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि एक पितळी पेला होता. वाटेत जेथे झरा लागे तेथे तो पेला निघे, पाणी पिऊन होताच विसळून पिशवीत जाई. त्या पेल्याविषयी पुढे सांगावयाचे आहे.

ब्रह्मगिरीने आपल्याला केवळ पाणी दिले असे नव्हे. विठ्ठलपंत आपल्या कुटुंबासह या पर्वताची प्रदक्षिणा करीत असताना वाघ आडवा आला, पळापळ झाली, निवृत्ती वाट चुकला आणि एका गुहेत शिरला. तेथे त्याला गहिनीनाथांचे दर्शन व उपदेश लाभला, अशी वारकरी परंपरा सांगते. निवृत्तिनाथांनी तो उपदेश धाकट्या भावाला दिला आणि त्या भावाने शके १२१२ मध्ये, म्हणजे इ. स. १२९० साली, नेवासे येथे भगवद्गीता मराठीत आणली. ज्ञानेश्वरीत मेघ, डोंगर, ओढे, वृक्ष यांचे दृष्टान्त पदोपदी येतात. पावसाळी सह्याद्री जवळून पाहिलेल्या मनालाच ते सुचावेत असे आहेत. निवृत्तिनाथांनी समाधीही येथेच, त्र्यंबकेश्वरी घेतली. पौष वद्य एकादशीला त्यांच्या यात्रेसाठी दिंड्या येतात आणि आषाढी वारीला त्यांची पालखी येथूनच पंढरीस जाते. म्हणजे आपल्या मराठी धर्मवाङ्मयाच्या उगमाशीही एका डोंगरातील वाट चुकलेला मुलगा उभा आहे.

हे एकट्या ब्रह्मगिरीचे भाग्य नव्हे. चांगदेवांचा 'तत्त्वसार' शके १२३४ मध्ये हरिश्चंद्रगडावर सिद्ध झाला. तुकोबाराय भामचंद्र व भंडारा या डोंगरांवर एकांतास बसत. समर्थांच्या 'दासबोधा'चे स्थान म्हणून शिवथरघळीचे नाव घेतले जाते. अर्वाचीन काळात गो. नी. दांडेकरांनी (१९१६–१९९८) सह्याद्रीचे गड आणि त्यांच्या कुशीत राहणारी माणसे मराठी वाचकांच्या घरात आणून बसविली. त्यांची 'माचीवरला बुधा' वाचून राजमाचीची वाट धरणारे, 'जैत रे जैत' वाचून ठाकरवाडीतील ढोलाचा नाद शोधणारे कितीतरी तरुण मी पाहिले आहेत. मीही त्यांतलाच. महाविद्यालयात असताना दुर्गाबाई भागवतांचे 'ऋतुचक्र' हाती आले आणि आपण ज्याला नुसते रान म्हणत होतो त्यात महिन्यामहिन्याला काय काय घडत असते ते प्रथमच समजले. मारुती चितमपल्ली (१९३२–२०२५) यांनी तर वनखात्याची नोकरी आणि लेखणी यांत भेदच ठेवला नाही. एखादे पुस्तक वाचावे, त्यातील डोंगर पाहावयास जावे, आणि पाहून आल्यावर तो डोंगर तसाच राहावा असे वाटू लागावे, हा क्रम मला फार आश्वासक वाटतो. आज सुट्टीच्या दिवशी डोंगरवाटा तरुणांनी फुलून जातात, त्यामागे या लेखकांचे पुण्य थोडेथोडके नाही.

छापील पुस्तकांच्या पलीकडेही एक वाङ्मय आहे, त्याचा उल्लेख न करणे अन्यायाचे होईल. आमच्याच नाशिक जिल्ह्याच्या उत्तर भागात, कळवण-बागलाणकडे, कोकणा व भिल्ल बांधव मार्गशीर्षात डोंगऱ्यादेवाचा उत्सव करतात. व्रतस्थ राहून कित्येक रात्री थाळीच्या नादावर कथा गातात आणि पौर्णिमेला डोंगरावर जातात. तेथे पर्वतावर देव आहे असे कोणी म्हणत नाही, पर्वत हाच देव. ज्या ग्रंथांचा आपण अभ्यास करतो ते लिहिले जाण्यापूर्वीही अशी गाणी या डोंगरांत चालू असावीत.

असो. आता थोडे अप्रिय बोलावयाचे आहे.

पावसाळ्यात शनिवार-रविवारी पहिने, दुगारवाडी, हरिहर या बाजूला जी गर्दी लोटते ती आपण पाहतो आणि "हे पर्यटक!" म्हणून नाक मुरडतो. ते धबधब्याखाली ओरडतात, बाटल्या फेकतात, त्यांना देवाधर्माशी कर्तव्य नाही, आपण यात्रेकरू मात्र निराळे. माझीही हीच समजूत होती. त्यांच्यामुळे वाड्यांतल्या लोकांना मक्याची कणसे, भाजलेल्या शेंगा, चहा विकून चार पैसे मिळतात, हेही त्या रागात मी विसरत असे. ही समजूत कशी उतरली ते सांगतो, कारण त्यात आमच्या संस्थेचाच दोष आहे आणि तो लपविण्यात अर्थ नाही.

श्रावणातील तिसऱ्या सोमवारी फेरीच्या वाटेवर आम्ही काही वर्षे साबुदाण्याची खिचडी आणि पाणी वाटत असू. एका दानशूर कुटुंबाच्या साह्याने हे अन्नदान मोठ्या प्रमाणावर होई. थर्माकोलच्या ताटल्या, प्लास्टिकचे पेले, पाण्याच्या बाटल्या. २०१७ सालच्या फेरीनंतर मंगळवारी सकाळी भांडी आणण्यासाठी मी दोन सेवेकऱ्यांना घेऊन गेलो. मांडवाच्या खालच्या अंगाला एक ओहोळ आहे. रात्रीच्या पावसात आमच्या ताटल्या वाहत जाऊन त्याच्या अरुंद जागी अडकल्या होत्या. पाण्याने वाट बदलली होती आणि ते शेजारच्या भातखाचरात शिरले होते. नुकतीच लावणी झालेली रोपे आडवी झाली होती, आणि त्यांवर आमचे पांढरे पेले तरंगत होते. एक वृद्ध स्त्री गुडघाभर चिखलात उभी राहून ते एकेक वेचून टोपलीत टाकीत होती.

मी म्हणालो, "मावशी, राहू द्या, आमची माणसे उचलतील."

तिने मान वर केली नाही. म्हणाली, "भाऊ, तुमचे लोक पाणी पिऊन जातात. बाटल्या आमाला ठेवतात."

मी काही तरी क्षमेचे बोललो. त्यावर ती एवढेच म्हणाली, "चैतात या. तवा बी कोनी पानी वाटाया येतं का बघा."

मी चैत्रात गेलो. हे सांगताना मला अभिमान वाटत नाही. जाण्यास सात महिने लागले, आणि तेही स्वप्नात ते खाचर दोन-तीनदा दिसले म्हणून. ब्रह्मगिरीच्या अंगाखांद्यावर ज्या वस्त्या आहेत त्यांना मेट म्हणतात. पूर्वी गडाच्या पहाऱ्यासाठी त्या वसविल्या गेल्या. त्या मावशींच्या वस्तीवर पोहोचलो तेव्हा दुपार होती. विहिरीचा तळ दिसत होता. तळाशी दोन मुली बसून वाटीने पाणी हंड्यात भरत होत्या आणि वर अकरा हंडे रांगेत होते. हंडे मी मोजले. दक्षिणेची गंगा जेथून निघते त्या पर्वतावर, गंगाद्वारापासून फार लांब नसलेल्या जागी, आधी कोणी भरावयाचे यावरून दोन बायकांत बोलाचाली चालली होती.

गौतमांची कथा मी लहानपणापासून ऐकत आलो आहे. त्या दिवशी विहिरीच्या काठावर ती मला प्रथम कळली.

परत आल्यावर विश्वस्त मंडळाच्या सभेत विषय मांडला. चर्चा सोपी झाली नाही. अन्नदान बंद करणे हे पाप होईल असे काहींचे म्हणणे पडले; ताटल्यांवर दात्याच्या वडिलांचे नाव छापलेले असे, त्यांचे मन दुखवावे कसे, असाही प्रश्न आला. शेवटी दात्यांनाच आम्ही त्या विहिरीवर घेऊन गेलो. त्यांनी सर्व पाहिले आणि परत येताना वाटेत त्यांनीच विचारले, गाळ काढावयास किती खर्च येईल? त्याच वर्षी, २०१८ साली, राज्यात प्लास्टिकबंदीही लागू झाली, त्यामुळे उरलेला वाद मिटला. विहिरीचा गाळ काढला, वरच्या उतारावर पाणी मुरावे म्हणून ग्रामस्थांच्या सल्ल्याने दगडी बांध घातले, त्या उतारावर गुरे न चारण्याचे त्यांनी आपसांत ठरविले. पूर्वी विहीर होळीच्या सुमारास आटत असे, आता आणखी तीन-चार आठवडे पाणी राहते. त्यानंतर टँकरची वाट पाहावी लागतेच. यापेक्षा अधिक काही साधले असे मी लिहिले तर ते असत्य होईल.

या पर्वतासाठी झटणारे आम्ही एकटे नाही, आणि सर्वांत पुढे तर नाहीच नाही. २०२१ साली ब्रह्मगिरीच्या पायथ्याशी यंत्रे लावून डोंगर पोखरला जात असल्याचे उघडकीस आले, तेव्हा ग्रामस्थ व निसर्गप्रेमी मंडळी पुढे आली आणि ते काम थांबवावे लागले. शेजारच्या अंजनेरी पर्वतावर कंदीलपुष्पाची एक जात आढळते, शास्त्रज्ञांनी २००६ साली तिची नोंद केली आणि नावातही अंजनेरीच ठेवले. पावसाळ्यात काही दिवसच दिसणारे ते इवलेसे फूल. या पर्वताचा काही भाग २०१७ साली संवर्धन राखीव क्षेत्र म्हणून घोषित झाला. हनुमंताचा जन्म अंजनेरीवर झाला की अन्यत्र, यावरून २०२२ साली नाशकात विद्वानांचा मोठा वाद झाला होता. त्या वादात भाग घेण्याची माझी योग्यता नाही. जन्म कोठेही झालेला असो, अंजनीमातेच्या नावाचा पर्वत आपल्या दारात आहे आणि त्यावर उमलणाऱ्या फुलाला आपली पायवाट सोडून चालण्याची खोड घातक ठरते, एवढे मला कळते.

अंजनेरीच्या कड्यांवर गिधाडे घरटी करतात. जनावरांना दिल्या जाणाऱ्या डायक्लोफेनॅक या वेदनाशामक औषधामुळे, तशी मृत जनावरे खाऊन, देशभरातील गिधाडे झपाट्याने नष्ट झाली. २००६ साली त्या औषधाच्या पशुवैद्यकीय वापरावर बंदी आली. जटायूने प्राण सोडला ते स्थान म्हणून आपण इगतपुरी तालुक्यातील सर्वतीर्थ टाकेदला जातो, डोके टेकतो. त्याच जटायूचे वंशज येथून काही कोसांवर उरलेसुरले आहेत, हे टेकलेले डोके वर करून पाहिले तर दिसेल. अंजनेरी व ब्रह्मगिरी यांना जोडणारा रज्जुमार्ग व्हावा असा प्रस्ताव आला तेव्हा निसर्ग अभ्यासकांनी जो विरोध केला, त्यात या गिधाडांचा मुद्दा प्रमुख होता. वृद्ध व अपंग भाविकांची सोय हा दुसऱ्या बाजूचा मुद्दा आहे आणि तो खोटा नाही. माझे वैयक्तिक मत विचाराल तर, ज्याला चढवत नाही त्याच्यासाठीच प्रदक्षिणा आहे, आणि ज्याला प्रदक्षिणाही झेपत नाही त्याने कुशावर्तावरून पर्वताला हात जोडले तरी गौतमांची गंगा त्याच्या ओंजळीत आलेली असते.

धर्माच्या नावाने डोंगर राखता येतो याची उदाहरणे आपल्याकडे जुनी आहेत. देवराईतील काडीही घरी न्यावयाची नाही, या एका धाकाने सह्याद्रीत शेकडो वर्षे रान टिकले. डॉ. माधव गाडगीळ व डॉ. वा. द. वर्तक यांनी १९७० च्या दशकात या देवरायांचा अभ्यास करून त्यांचे मोल विद्वानांना समजावून दिले. गावकऱ्यांना ते ठाऊकच होते. २००८ साली तुकोबांच्या भामचंद्र डोंगराजवळ एका रासायनिक कंपनीचे केंद्र उभे राहू लागले, तेव्हा टाळ-मृदंगवाले वारकरीच रस्त्यावर उतरले, आणि ते केंद्र तेथे झाले नाही. २०१२ साली पश्चिम घाटातील निवडक स्थाने युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेली, महाराष्ट्रातील कास, कोयना, चांदोली, राधानगरी त्यांत आहेत. ब्रह्मगिरी त्या यादीत नाही. त्याला यादीची गरज आहे की नाही हे जाणकारांनी ठरवावे. त्याच्याभोवती दर श्रावणात लक्षावधी पावले फिरतात, इतकी माणसे कोणत्याही यादीच्या पाठीशी उभी नसतील.

२०२६-२७ च्या सिंहस्थाच्या निमित्ताने या परिसरात यात्रेकरूंची संख्या पुष्कळ पटींनी वाढते, आणि फेरीच्या वाटेवरील झऱ्यांवर व वाड्यांवर पडणारा भारही. म्हणूनच या पुस्तिकेतील सूचना आम्ही फिरून फिरून लिहितो आहोत. आमच्या मांडवात तिसऱ्या सोमवारी खिचडी आजही मिळते. ती स्टीलच्या ताटलीत मिळते आणि ताटली ज्याची त्याने विसळून ठेवावयाची असते. पाण्याची बाटली मिळत नाही, पाणी मिळते. पहिल्या वर्षी यावरून पुष्कळ लोक रागावले होते. एका गृहस्थांनी तर अभिप्राय वहीत तसे लिहूनही ठेवले आहे. ते पान मी फाडलेले नाही.

फेरीस निघणाऱ्यांनी रविवारी रात्री निघण्यापूर्वी कार्यालयात नाव नोंदवावे, बरोबर विजेरी आणि घट्ट बसणारी पादत्राणे असावीत, अनवाणी चालण्याचा नेम असेल त्यांनी निदान काठी घ्यावी. श्रावणात वाट निसरडी असते आणि ओहोळाला अचानक पूर येतो, तेव्हा पाणी उतरेपर्यंत थांबावे. वाडीतल्या कोणी वाट बदला म्हटले तर बदलावी, त्यांना पर्वत आपल्यापेक्षा चांगला ठाऊक आहे. वाटेत मक्याचे कणीस, चहा, करवंदाचे लोणचे जे घ्यावयाचे ते त्यांच्याकडूनच घ्यावे आणि भावात घासाघीस करू नये.

पाण्यासाठी पेला विसरला असेल त्यांना कार्यालयातून पितळी पेला दिला जातो. अनामत २० रुपये असून परत आल्यावर ती मिळते. सध्या असे ६४ पेले आहेत. त्यांतील एकाच्या काठाला चिमटा आहे आणि बुडाशी माझ्या वडिलांच्या नावाचे आद्याक्षर कोरलेले आहे; तो ज्यांच्या हाती येईल त्यांनी कृपया सांभाळून आणावा.